कोणत्या नियमाखाली अडवलं? रांचीच्या एका पेन्शन प्रकरणाचा अभ्यास

31 ऑगस्ट 2002 रोजी झारखंड सरकारच्या पशुसंवर्धन व मत्स्यव्यवसाय खात्यातले एक अधिकारी नियत वयोमानानुसार निवृत्त झाले. 2 नोव्हेंबर 1966 ला ते तेव्हाच्या बिहार सरकारच्या नोकरीत लागले होते, म्हणजे सेवा जवळपास 36 वर्षांची. निवृत्त झाले त्या दिवशी त्यांच्यामागे दोन फौजदारी प्रकरणं आणि एक विभागीय चौकशी होती. त्यापैकी एकाचाही निकाल लागलेला नव्हता. तरीही सरकारने त्यांच्या पेन्शनमधला 10 टक्के हिस्सा, पूर्ण ग्रॅच्युइटी, रजा रोखीकरणाची, म्हणजे शिल्लक रजेच्या मोबदल्याची, रक्कम आणि निलंबनकाळातला पगार रोखून धरला. असं करण्याचा अधिकार सरकारला होता का, या प्रश्नाचं अखेरचं उत्तर सर्वोच्च न्यायालयाने 14 ऑगस्ट 2013 ला दिलं. निवृत्तीनंतर जवळजवळ 11 वर्षांनी.

झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव या नावाने हा निकाल ओळखला जातो. ‘पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही सरकारची खैरात नाही’ हे त्यातलं विधान महाराष्ट्रातल्या निवृत्त कर्मचाऱ्यांच्या अर्जांमध्ये वारंवार उद्धृत होतं. उद्धृत करायला हरकत काहीच नाही. पण हा खटला नेमका कशावर जिंकला गेला हे न पाहता अर्ज केला, तर कार्यालयाकडून एका ओळीचं उत्तर येतं आणि माणूस खचून घरी बसतो. ते टाळता यावं म्हणून हे प्रकरण सुरुवातीपासून नीट उलगडून पाहू.

घटनाक्रम

आरोप होते 1990-91 आणि 1991-92 या दोन आर्थिक वर्षांतले. त्या काळात हे अधिकारी रांचीला कृत्रिम रेतन अधिकारी होते. गंभीर आर्थिक अनियमितता झाल्याचा ठपका ठेवून 16 एप्रिल 1996 ला भारतीय दंड संहिता आणि भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याखाली त्यांच्याविरुद्ध दोन प्रकरणं नोंदवली गेली. नोव्हेंबर 2000 मध्ये बिहारचं विभाजन झालं आणि ते आपोआप झारखंडचे कर्मचारी झाले. 30 जानेवारी 2002 ला झारखंड सरकारने विभागीय चौकशीचा आदेश काढला. निलंबनाचा काळही त्याच तारखेपासून सुरू होतो. त्यानंतर सात महिन्यांनी ते निवृत्त झाले.

निकालपत्रात नोंदलेल्या या घटनाक्रमात एप्रिल 1996 ते जानेवारी 2002 या काळात खात्याने उचललेलं चौकशीचं एकही पाऊल दिसत नाही. पोलिसांत प्रकरण नोंदलं गेलं, आरोप काय आहेत ते खात्याला ठाऊक होतं, अधिकारी नोकरीत होता, कागदपत्रं कार्यालयात होती, साक्षीदारही बहुधा सेवेत होते. चौकशी पूर्ण करायला याहून चांगली वेळ कोणती? ती पावणेसहा वर्षं वाया गेली आणि निवृत्ती तोंडावर आल्यावर आदेश निघाला.

हा योगायोग नसतो. देशातल्या बहुतेक पेन्शन नियमांत एक तरतूद सारखी आहे: कर्मचारी सेवेत असताना चौकशी सुरू झाली नसेल, तर निवृत्तीनंतर ती सरकारच्या मंजुरीशिवाय सुरू करता येत नाही, आणि चार वर्षांपूर्वीच्या घटनेबद्दल तर सुरूच करता येत नाही. बिहार पेन्शन नियमांच्या 43 (बी) मध्ये ही अट आहे. महाराष्ट्राच्या 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम 27 मध्येही आहे. या प्रकरणातल्या घटना 1990 ते 1992 मधल्या. 31 ऑगस्ट 2002 नंतर त्यांच्याबद्दल नवी विभागीय चौकशी काढणं अशक्य होतं. शेवटच्या सात महिन्यांत कागद हलला तो या भीतीने, असं मला वाटतं. कर्मचाऱ्यांना निवृत्तीच्या आदल्या आठवड्यात, कधी शेवटच्या दिवशी संध्याकाळी दोषारोपपत्र हातात पडतं, त्याचं मूळ या चार वर्षांच्या अटीत आहे. प्रशासनाचा दोष असा की वर्षानुवर्षं न केलेलं काम ते मुदत संपण्याच्या दिवशी करतं आणि उशिराची किंमत कर्मचाऱ्याकडून वसूल करतं.

आता पैशांचं पाहा. भविष्य निर्वाह निधी मंजूर झाला 25 मे 2003 ला. हा निधी म्हणजे कर्मचाऱ्याच्या स्वतःच्या पगारातून कापलेले पैसे. चौकशी असो वा खटला, त्याला हात लावता येत नाही. 1925 च्या भविष्य निर्वाह निधी कायद्याने त्याला जप्तीपासूनही संरक्षण दिलं आहे. तरी तो मिळायला नऊ महिने लागले. 90 टक्के तात्पुरतं पेन्शन मंजूर झालं 18 मार्च 2004 ला, म्हणजे निवृत्तीनंतर साडेअठरा महिन्यांनी. थकबाकी नंतर मिळत असेलही. पण त्या दीड वर्षात दर महिन्याच्या एक तारखेला त्या घरात काय होत असेल, हे ज्यांच्या घरात एकच पगार येत होता त्यांना वेगळं सांगायला नको. आणि लक्षात घ्या, हा उशीर चौकशीमुळे होणं नियमात बसत नाही. तात्पुरतं पेन्शन ही सोय मुळात चौकशी सुरू असलेल्यांसाठीच आहे.

न्यायालयाच्या फेऱ्या

पहिली रिट याचिका झारखंड उच्च न्यायालयाने निकाली काढली ती प्रकरण खात्याकडे परत पाठवून: 31 जुलै 1980 च्या सरकारी ठरावानुसार तात्पुरतं पेन्शन, ग्रॅच्युइटी वगैरे मागणीवर निर्णय घ्या. आपल्याकडेही असे आदेश होतात. वाचताना जिंकल्यासारखं वाटतं, पण निर्णय घेणारं कार्यालय तेच, टिपणी लिहिणारा कर्मचारी तोच आणि उत्तर बहुधा तेच. 16 मार्च 2006 ला खात्याने मागणी फेटाळली. दुसरी याचिका एकल न्यायमूर्तींनी फेटाळली.

दरम्यान त्याच उच्च न्यायालयात डॉ. दूधनाथ पांडे प्रकरण पूर्णपीठासमोर होतं. 28 ऑगस्ट 2007 ला पूर्णपीठाने स्पष्ट केलं की बिहार पेन्शन नियमांच्या 43 (ए) आणि 43 (बी) मध्ये चौकशी किंवा खटला प्रलंबित असताना पेन्शन वा ग्रॅच्युइटी रोखण्याचा अधिकार सरकारला दिलेलाच नाही. रजा रोखीकरण तर चौकशीच्या आधी, चालू असताना किंवा संपल्यावरही त्या नियमांखाली रोखता येत नाही. वित्त विभागाचं जे परिपत्रक दाखवलं जात होतं त्याला कायद्याचं बळ नाही. या निर्णयाच्या आधारे खंडपीठाने 31 ऑक्टोबर 2007 ला आपल्या या अधिकाऱ्याच्या बाजूने आदेश दिला.

इथे प्रकरण संपायला हवं होतं. पण सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि पुढची जवळपास सहा वर्षं तिथे गेली.

युक्तिवाद आणि उत्तर

सर्वोच्च न्यायालयात सरकारच्या वकिलांनी एक गोष्ट सरळ मान्य केली: पेन्शन नियमांत चौकशी चालू असताना पेन्शनचा भाग किंवा ग्रॅच्युइटी रोखण्याची तरतूद नाही. मग आधार कशाचा? प्रशासकीय सूचनांचा. नियम एखाद्या बाबतीत गप्प असतील तर ती पोकळी सरकार सूचना काढून भरू शकतं, हे तत्त्व संतराम शर्मा विरुद्ध राजस्थान राज्य या खटल्यात घटनापीठाने फार पूर्वीच मान्य केलेलं आहे, असा तो युक्तिवाद होता.

युक्तिवाद वरवर बिनतोड आहे, कारण ते तत्त्व खरंच मान्य आहे. ज्येष्ठता, पदोन्नतीचे निकष, बदल्या यांत सरकारं रोज असंच करतात. न्यायालयाने उत्तर दिलं ते दुसऱ्या बाजूने. रोखलेली वस्तू कोणत्या प्रकारची आहे, हे आधी पाहिलं.

1971 मध्ये देवकीनंदन प्रसाद विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात घटनापीठाने ठरवलं होतं की पेन्शन ही सरकारच्या मर्जीवर मिळणारी बक्षिसी नाही, ती कर्मचाऱ्याची मालमत्ता आहे. 17 डिसेंबर 1982 च्या डी. एस. नाकारा निकालाने तेच अधिक विस्ताराने मांडलं. 17 डिसेंबर हा पेन्शनर दिन म्हणून पाळतात तो त्या निकालामुळे. 44 व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादीतून गेला, पण अनुच्छेद 300-अ आला: कायद्याच्या अधिकाराखेरीज कोणाही व्यक्तीला तिच्या मालमत्तेपासून वंचित करता येणार नाही.

मग प्रश्न सोपा झाला. पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही मालमत्ता असेल, तर ती रोखायला ‘कायदा’ हवा. परिपत्रक म्हणजे कायदा नव्हे. नियमांची पोकळी भरायला ते चालेल, पण माणसाची मालमत्ता अडवायला चालणार नाही. न्यायमूर्ती के. एस. राधाकृष्णन आणि न्यायमूर्ती ए. के. सिक्री यांच्या पीठाने सरकारची अपिलं फेटाळली आणि प्रत्येकी 10,000 रुपये खर्चही बसवला.

निकाल अधिकाऱ्याला निर्दोष ठरवत नाही. फौजदारी प्रकरणं तेव्हाही प्रलंबित होती. उद्या दोष सिद्ध झाला तर 43 (बी) खाली पेन्शन कमी करण्याचा किंवा नुकसान वसूल करण्याचा सरकारचा अधिकार शाबूत राहिला. न्यायालयाने अडवलं ते एवढंच: दोष सिद्ध होण्याआधी, नियमाशिवाय, केवळ परिपत्रकावर पैसे धरून ठेवणं.

आणि त्याच निकालात एक वाक्य आहे जे उद्धृत करणारे बहुतेक जण गाळतात. नियमांत अशी तरतूद असती तर परिस्थिती वेगळी असती, असं न्यायालयाने स्वच्छ म्हटलं आहे.

बिहारने तर निकालाची वाटही पाहिली नव्हती. जुलै 2012 मध्ये तिथल्या सरकारने नियमांत दुरुस्ती करून 43 (सी) हा नवा पोटनियम घातला आणि रोखण्याचा अधिकार नियमातच आणला. 2020 मध्ये डॉ. हिरालाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या दोन काळखंडांचा वेगवेगळा विचार केला: दुरुस्तीपूर्वी परिपत्रकांच्या आधारे कापलेलं 10 टक्के पेन्शन बेकायदेशीर, दुरुस्तीनंतर मात्र सरकारकडे अधिकार आहे. त्याच वर्षी महानदी कोलफील्ड्स या कोळसा कंपनीच्या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने बहुमताने चौकशी चालू असताना ग्रॅच्युइटी रोखणं वैध ठरवलं. तिथे कंपनीच्या शिस्तविषयक नियमांत तशी तरतूद होती.

वरवर परस्परविरोधी वाटणारे हे निकाल एकाच प्रश्नाची उत्तरं आहेत. कोणत्या नियमाखाली अडवलं?

आता महाराष्ट्रात या

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मध्ये नियम 27 आणि नियम 130 एकत्र वाचावे लागतात. सेवेत असताना सुरू झालेली विभागीय चौकशी निवृत्तीनंतर नियम 27 खालची कार्यवाही म्हणून चालू राहते. ती चालू असेपर्यंत तात्पुरतं निवृत्तिवेतन द्यायचं असतं, आणि उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, अंतिम आदेश होईपर्यंत देऊ नये असं नियम 130 मध्येच लिहिलेलं आहे. महाराष्ट्र शासनाकडे नियम आहे. म्हणून फक्त झारखंडचा निकाल जोडून ‘ग्रॅच्युइटी सोडा’ असा अर्ज केला तर कार्यालय नियम 130 दाखवतं आणि तिथेच विषय संपतो.

पण याचा अर्थ महाराष्ट्रातला कर्मचारी हतबल आहे असा मुळीच नाही. त्याचं भांडण फक्त वेगळ्या जागी आहे.

पहिली जागा मासिक पेन्शनची. झारखंडमध्ये 10 टक्के कापलं गेलं. महाराष्ट्राच्या नियमात तात्पुरतं निवृत्तिवेतन हे निवृत्तीच्या तारखेपर्यंतच्या अर्हताकारी, म्हणजे पेन्शनसाठी धरल्या जाणाऱ्या, सेवेवर जेवढं पूर्ण निवृत्तिवेतन बसतं तिथपर्यंत मंजूर करता येतं. कार्यालय प्रमुख ते आधी सहा महिन्यांसाठी मंजूर करतो आणि पुढे मुदतवाढ घ्यावी लागते. व्यवहारात घोळ इथे होतो: मुदतवाढीचा कागद वेळेवर जात नाही आणि पेन्शन मधेच बंद पडतं. चौकशी चालू असताना पेन्शन शून्यावर आणण्याचा अधिकार नियम 27 देत नाही. पेन्शन थांबलं असेल तर कार्यालय प्रमुखाला त्याच आठवड्यात लेखी पत्र गेलं पाहिजे. ‘फोन केला होता’ याला पुढे काही अर्थ उरत नाही.

दुसरी जागा चौकशी खरोखर ‘सुरू’ आहे का, ही. नियम 27 मध्ये चौकशी सुरू झाल्याची तारीख ठरवून दिलेली आहे. दोषारोपांचं विवरण ज्या दिवशी बजावलं तो दिवस, किंवा त्याआधीच निलंबन झालं असेल तर निलंबनाचा दिवस. फौजदारी बाबतीत, दंडाधिकारी ज्याची दखल घेतो ती तक्रार किंवा पोलीस अहवाल ज्या दिवशी दाखल झाला तो दिवस. ‘चौकशी प्रस्तावित आहे’, ‘प्राथमिक चौकशी चालू आहे’, ‘तक्रार आली आहे, अभिप्राय मागवले आहेत’ यांतलं काहीही या व्याख्येत बसत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1991 च्या जानकीरामन निकालातही, पदोन्नतीच्या संदर्भात, हीच भूमिका घेतली होती: दोषारोपपत्र दिल्याशिवाय शिस्तभंगाची कारवाई सुरू झाली असं म्हणता येत नाही. तरी कितीतरी जणांची पेन्शन प्रकरणं ‘ना-चौकशी प्रमाणपत्र’ मिळत नाही म्हणून महालेखापाल कार्यालयाकडे जातच नाहीत. दोषारोपपत्र नाही, निलंबन नाही, न्यायालयात प्रकरण नाही, तर नियम 130 लागूच होत नाही. अशा वेळी झारखंडचा निकाल पूर्ण ताकदीने वापरता येतो, कारण नियमाचं पाठबळ नसताना मालमत्ता अडवलेली असते.

तिसरी जागा दोषारोपपत्राच्या प्रकाराची, आणि ही फार कमी लोकांना माहीत असते. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979 मध्ये नियम 8 खालची चौकशी मोठ्या शिक्षेसाठी असते आणि नियम 10 खालची किरकोळ शिक्षेसाठी. नियम 10 खाली किरकोळ शिक्षेसाठी कार्यवाही चालू असेल तर उपदान द्यायचं, असं परंतुक, म्हणजे नियमाला जोडलेला अपवाद, नियम 130 मध्येच आहे. म्हणून दोषारोपपत्राच्या ज्ञापनावर कोणता नियम लिहिला आहे ते पहिल्याच दिवशी वाचा. नियम 10 असेल तर उपदान अडवणाऱ्या कार्यालयाला त्याच्याच नियमाचं परंतुक दाखवता येतं.

चौथी जागा चार वर्षांची. दोषारोपपत्र निवृत्तीनंतर आलं असेल तर दोन कागद मागायचे: शासनाच्या मंजुरीचा आदेश, आणि घटनेची तारीख. मंजुरी नसेल किंवा घटना दोषारोपपत्राच्या चार वर्षांआधीची असेल, तर ती कार्यवाही मुळातच टिकत नाही. इथे ‘आमच्या लक्षात आत्ता आलं’ हे कारण चालत नाही. नियम घटनेची तारीख मोजतो, ती लक्षात आल्याची तारीख मोजत नाही.

आणि चौकशी संपून दोष सिद्ध झाला तरी? निवृत्तीनंतर पदावनती, वेतनवाढ रोखणं, बडतर्फी या शिक्षा नियम 27 खाली देता येत नाहीत. पेन्शन पूर्ण किंवा अंशतः, कायमचं किंवा ठरावीक काळासाठी रोखणं आणि झालेलं नुकसान वसूल करणं, एवढंच उरतं. तेही गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा ‘गंभीर’ असल्याचा निष्कर्ष असेल तरच. 1990 च्या डी. व्ही. कपूर प्रकरणात एका केंद्रीय अधिकाऱ्याचं पूर्ण पेन्शन आणि ग्रॅच्युइटी कायमची रोखली होती. कामावर गैरहजर राहणं हा आरोप होता आणि ती गैरहजेरी हेतुपुरस्सर नव्हती असं चौकशीतच दिसलं होतं. गंभीर गैरवर्तनाचा निष्कर्ष नोंदलेला नसताना असा आदेश टिकत नाही, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. चौकशी अहवालाच्या प्रतीत हा निष्कर्ष शोधावा. अनेक अहवालांत ‘आरोप अंशतः सिद्ध’ एवढंच लिहिलेलं असतं आणि त्यावर थेट पेन्शन कपातीचा प्रस्ताव जातो.

उशिराबद्दल

या सगळ्यात खरा अन्याय कशाने होतो, असं विचारलं तर माझं उत्तर आहे, वेळेने. नियम 130 मागचा विचार मला पटतो. ग्रॅच्युइटी एकरकमी असते, जास्तीत जास्त साडेसोळा महिन्यांच्या वेतनाइतकी. ती देऊन टाकली आणि पुढे अफरातफर सिद्ध झाली तर वसूल कशी करणार? सार्वजनिक पैशाचं रक्षण झालंच पाहिजे. पण हा नियम गृहीत धरतो की चौकशी वेळेत संपेल. ती संपत नाही तेव्हा तात्पुरती रोख हीच शिक्षा होऊन बसते, तीही आरोप सिद्ध न होता.

दुसरं, रोखण्याला प्रमाण नाही. आरोप पंचवीस हजारांच्या नुकसानीचा असो की पंचवीस लाखांच्या, उपदान पूर्णच अडकतं. केंद्राच्या 1972 च्या रजा नियमांत रजा रोखीकरणाबाबत अधिक शहाणी तरतूद आहे: चौकशीअंती काही रक्कम वसूल होण्याची शक्यता असेल तर सक्षम अधिकारी पूर्ण किंवा काही भाग रोखू शकतो. म्हणजे अधिकाऱ्याला विचार करावा लागतो, कारण द्यावं लागतं. उपदानालाही हेच लागू व्हायला हवं. आरोपातल्या नुकसानीइतकी रक्कम ठेवा आणि उरलेली द्या. यात शासनाचं एका रुपयाचंही नुकसान नाही.

तोवर हातात असलेलं साधन म्हणजे प्रेमनाथ बाली निकाल. डिसेंबर 2015 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि अपरिहार्य कारण असेल तर फार तर एका वर्षात संपवावी. या मुदतीनंतर चौकशी आपोआप रद्द होत नाही, हे प्रामाणिकपणे सांगितलं पाहिजे. पण दोषारोपपत्राला वर्ष उलटून गेलं, चौकशी अधिकारी नेमलेला नाही किंवा नेमून बदलून गेला, खात्याची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी तारखेला येत नाही, अशी नोंद असलेलं पत्र आणि त्याची पोच तुमच्याकडे असेल, तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणासमोर, म्हणजे मॅटमध्ये, उशीर कोणामुळे झाला हे सिद्ध करायला तो कागद पुरतो. स्वतः तारखा मागून घेत राहिलात, तर मात्र हा मुद्दा गेला.

व्याजाचं वेगळं. उशीर प्रशासकीय चुकीमुळे झाला असेल तर उपदान आणि पेन्शनवर व्याज देण्याची तरतूद महाराष्ट्राच्या नियम 129-अ आणि 129-ब मध्ये आहे. चौकशीत माणूस पूर्ण निर्दोष सुटला तर अडकलेल्या वर्षांचं व्याज का नाही, हा प्रश्न रास्त आहे. हरयाणाच्या पाटबंधारे खात्यातले एक अभियंता 30 जून 1998 ला निवृत्त झाले. निवृत्तीच्या तोंडावर त्यांना दोषारोपाच्या नोटिसा मिळाल्या, लाभ अडकले, पुढे आरोप वगळले गेले आणि पैसे 2002 मध्ये हातात पडले. एस. के. दुआ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या 2008 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की नियम किंवा सूचना असतील तर त्यांच्या आधारे, आणि नसतील तरी घटनेच्या अनुच्छेद 14, 19 आणि 21 च्या आधारे व्याज मागता येतं. त्याही आधी, 1984 मध्ये, केरळ राज्य विरुद्ध पद्मनाभन नायर प्रकरणात न्यायालयाने दोषास्पद उशिराबद्दल बाजारदराने व्याजाचा दंड बसला पाहिजे असं बजावलं होतं. पैसे मिळाल्यावर ‘मिळाले एकदाचे’ म्हणून व्याजाचा अर्ज न करणारे फार आहेत. तो करावा. हक्काचा आहे.

अर्जात काय मागायचं

विनवणी नको, 36 वर्षांच्या निष्ठेचं वर्णन नको. कार्यालय प्रमुखाकडे लेखी मागा: माझं उपदान कोणत्या तारखेच्या आदेशाने, कोणत्या नियमाच्या कोणत्या पोटनियमाखाली रोखलं आहे, त्या आदेशाची प्रत द्यावी. दोषारोपपत्राची तारीख आणि ते शिस्त व अपील नियमांतल्या नियम 8 खाली आहे की नियम 10 खाली, हे कळवावं. निवृत्तीनंतर कार्यवाही सुरू केली असल्यास शासन मंजुरीची प्रत द्यावी. चौकशी सध्या कोणत्या टप्प्यावर आहे आणि पुढची तारीख कोणती, तेही विचारावं. उत्तर आलं नाही तर हीच कागदपत्रं माहितीच्या अधिकारात मागा. स्वतःच्या चौकशीचे आदेश आणि मंजुरी यांच्या प्रती मागण्यात गैर काही नाही.

अर्जाची पोच घ्या आणि तारीख जपा. मॅटमध्ये जाण्याआधी असा अर्ज केलेला असावा लागतो. अंतिम आदेशानंतर एक वर्षाची मुदत असते. उत्तरच आलं नाही तर अर्जानंतर सहा महिने थांबून पुढच्या एका वर्षात जावं लागतं. झारखंडच्या त्या अधिकाऱ्याच्या पहिल्या याचिकेनंतर खात्याने दिलेला नकार लेखी होता, 16 मार्च 2006 च्या तारखेचा. त्या नकाराला आव्हान देऊनच पुढचा सगळा निकाल उभा राहिला. त्यामुळे कार्यालयाने तोंडी ‘होत नाही’ म्हटलं तर तेही लिहून मागा, नियमाच्या क्रमांकासह.